लहान नमुन्यावरून सरासरीचं विश्वास अंतराल: कसं काढायचं आणि कुठे फसतं

भरण्याच्या यंत्रातून निघालेल्या आठ बाटल्या मोजल्या आणि सरासरी २५०.२५ मिली आली. हे यंत्र भरतं त्या सगळ्या बाटल्यांची सरासरीही नेमकी २५०.२५ असेल का? जवळजवळ नक्कीच नाही. दुसऱ्या आठ बाटल्या उचलल्या असत्या तर वेगळा आकडा आला असता. म्हणून एकच आकडा सांगण्याऐवजी ‘इतक्यापासून इतक्यापर्यंत’ असा पल्ला सांगतात, आणि तो पल्ला काढण्याची रीत किती भरवशाची आहे हेही सोबत सांगतात. हा पल्ला म्हणजे विश्वास अंतराल, म्हणजेच कॉन्फिडन्स इंटरव्हल.

नमुना लहान असला, म्हणजे साधारण तिसाच्या आत, तरी गणित पाच ओळींचंच राहतं. चुका बहुधा त्या पाच ओळींत होत नाहीत. कशाला ‘एक मोजमाप’ म्हणायचं हे गणिताच्या आधी चुकतं, नाहीतर आलेल्या पल्ल्याचा अर्थ गणितानंतर चुकतो. म्हणून इथे आकडेमोड थोडक्यात आणि बाकीचं जरा सविस्तर.

## १.९६ का चालत नाही

सगळ्या सूत्राचा सांगाडा एवढाच आहे: सरासरी, अधिक-उणे, गुणक × प्रमाण त्रुटी (नमुन्याची सरासरी खऱ्या सरासरीपासून साधारण किती भरकटते ते). मोठ्या नमुन्यासाठी ९५ टक्के पातळीला १.९६ हा गुणक बहुतेकांना पाठ असतो. पण हा गुणक अगदी बरोबर ठरतो तो समष्टीचं, म्हणजे यंत्र भरतं त्या सगळ्याच बाटल्यांचं, प्रमाण विचलन (आकडे सरासरीभोवती किती पसरलेत त्याचं माप) आधीच माहीत असेल तरच. प्रत्यक्षात ते माहीत नसतं. ज्या आठ आकड्यांवरून सरासरी काढली, त्याच आठांवरून विचलनाचाही अंदाज करावा लागतो.

हा अंदाज किती डळमळीत असतो ते पाहा. खालच्या उदाहरणात आठ बाटल्यांचं प्रमाण विचलन १.४६ मिली येतं. पण त्या आठ आकड्यांवरून समष्टीच्या विचलनाचं ९५ टक्के अंतराल काढलं तर ते ०.९६ ते २.९७ निघतं, म्हणजे वरचं टोक खालच्याच्या तिपटीहून जास्त. योगायोगानं आठही बाटल्या एकमेकींसारख्या निघाल्या की विचलन खोटं लहान येतं आणि अंतराल खोटं अरुंद होतं. १.९६ ला याची कल्पनाच नसते.

हा प्रश्न सोडवला विल्यम गॉसेट यांनी. ते डब्लिनच्या गिनेस कंपनीत होते आणि तिथल्या प्रयोगांत निरीक्षणं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच मिळायची. १९०८ मध्ये त्यांनी ‘स्टुडंट’ या टोपणनावानं निबंध छापला. म्हणून आजही त्या वितरणाला स्टुडंटचं टी-वितरण म्हणतात. त्याचं सार असं: नमुना जितका लहान, तितका गुणक मोठा घ्यायचा. विचलन माहीत नसल्याची किंमत या मोठ्या गुणकातून चुकती होते.

ती किंमत चुकवली नाही तर काय होतं? ‘९५ टक्के’ म्हणून लहान नमुन्याला १.९६ लावला, तर दहाच्या नमुन्यात खरा भरवसा सुमारे ९२ टक्के उरतो, पाचच्या नमुन्यात ८८, तीनच्या ८१ आणि दोनच्या फक्त ७० टक्के. लेबल मात्र सगळीकडे ९५ चंच.

## गणिताच्या आधी: तुमच्याकडे खरंच आठ मोजमापं आहेत का

एकच बाटली आठ वेळा मोजली तर ते आठ आकडे मोजपात्राबद्दल आणि मोजणाऱ्या हाताबद्दल सांगतात, यंत्राबद्दल नाही. यंत्राच्या दृष्टीनं तो नमुना एकाचाच, आणि एकावरून विचलन निघतच नाही. चार खोक्यांतून प्रत्येकी दोन बाटल्या घेतल्या आणि एका खोक्यातल्या बाटल्या एकमेकींसारख्या असतात असा संशय असेल, तर नमुना आठचा नसून चारच्या जवळचा आहे. अशा वेळी सर्वांत सोपा आणि सुरक्षित मार्ग म्हणजे प्रत्येक खोक्याची सरासरी काढायची आणि त्या चार सरासऱ्यांवर पुढचं गणित करायचं. अंतराल रुंद होईल. ते रुंदच असायला हवं होतं.

एकापाठोपाठ एक निघालेल्या आठ बाटल्या घेण्यातही हाच धोका आहे. यंत्र तापतं, टाकीतली पातळी उतरते आणि लागोपाठच्या बाटल्या एकमेकींच्या सावलीसारख्या भरल्या जातात. त्यांच्यातला फरक दिवसभरातल्या फरकापेक्षा कमी दिसतो आणि अंतराल फसवं अरुंद येतं. दिवसभरात यादृच्छिक वेळा आधीच चिठ्ठ्या टाकून किंवा संगणकावर ठरवाव्यात आणि त्या वेळी निघालेली बाटली घ्यावी. ‘सहज हाताला लागली ती’ म्हणजे यादृच्छिक नव्हे.

तिसरी गोष्ट यंत्राची नाही, मोजपात्राची. तुमचं मोजपात्र नेहमीच २ मिली जास्त दाखवत असेल तर अंतरालाला ते कधीच कळणार नाही. नमुना आठाचा आठशे केलात तरी चुकीच्या आकड्याभोवतीच ते अधिकाधिक अरुंद होत जाईल.

## पाच पायऱ्या

मोजमापं, मिलीमध्ये: २५१.२, २४८.९, २५०.४, २५२.१, २४९.७, २५०.८, २४७.६, २५१.३.

१. सरासरी. बेरीज २००२.०, भागिले ८, म्हणजे २५०.२५.

२. प्रमाण विचलन. प्रत्येक आकड्यातून सरासरी वजा करा: ०.९५, −१.३५, ०.१५, १.८५, −०.५५, ०.५५, −२.६५, १.०५. इथेच एक पडताळणी करून घ्या, या फरकांची बेरीज शून्य यायलाच हवी. आता वर्ग करून बेरीज: १४.९०. तिला ८ नं नाही, ७ नं भागायचं: २.१२८६. वर्गमूळ १.४५९.

सात का? कारण सरासरी त्याच आकड्यांतून काढली आहे. सात फरक कळले की आठवा आपोआप ठरतो, मोकळे सातच. म्हणून इथली डिग्री ऑफ फ्रीडम ७, म्हणजे नमुना संख्येहून एक कमी.

३. प्रमाण त्रुटी. विचलनाला नमुना संख्येच्या वर्गमुळानं भागा: १.४५९ ÷ २.८२८ = ०.५१६. विचलन सांगतं एक बाटली दुसरीपासून किती वेगळी. प्रमाण त्रुटी सांगते आठांची सरासरी खऱ्या सरासरीपासून साधारण किती भरकटते. हे दोन आकडे एकमेकांच्या जागी लिहिणं ही सर्रास दिसणारी चूक आहे.

४. टी-गुणक. तक्त्यात ७ डिग्रीच्या ओळीत ९५ टक्क्यांचा दुहेरी गुणक: २.३६५.

५. अंतराल. २.३६५ × ०.५१६ = १.२२. म्हणून २५०.२५ − १.२२ ते २५०.२५ + १.२२, अर्थात २४९.०३ ते २५१.४७ मिली.

मधल्या पायऱ्यांत दशांश कापू नका. विचलन १.५ करून पुढे गेलात तर १.२२ च्या जागी १.२५ येईल. शेवटी मात्र मोजमापापेक्षा फार तर एक दशांश स्थळ जास्त ठेवावं, २४९.०३०३ लिहिण्यात काही अर्थ नाही.

९५ टक्क्यांसाठी नेहमी लागणारे गुणक:

| नमुना संख्या | डिग्री | गुणक |
|---|---|---|
| २ | १ | १२.७०६ |
| ३ | २ | ४.३०३ |
| ४ | ३ | ३.१८२ |
| ५ | ४ | २.७७६ |
| ६ | ५ | २.५७१ |
| ८ | ७ | २.३६५ |
| १० | ९ | २.२६२ |
| १५ | १४ | २.१४५ |
| २० | १९ | २.०९३ |
| ३० | २९ | २.०४५ |

पहिली ओळ जरा थांबून वाचा. २५० आणि २५१ अशी दोनच मोजमापं असती, तर सरासरी २५०.५, प्रमाण त्रुटी ०.५ आणि अंतराल २४४.१ ते २५६.९. दोन आकडे इतके जवळ असूनही पल्ला पावणेतेरा मिलीचा. तिसरं मोजमाप घेतलं की गुणक एकदम तिसऱ्या हिश्श्यावर येतो. चौथं, पाचवंही बरंच काही देतं. पंधरानंतर गुणक फारसा हलत नाही. तिथून पुढचा फायदा जवळजवळ सगळा वर्गमुळातूनच येतो.

‘तीसच्या पुढे १.९६ लावा’ हा नियम तक्ते छापील असतानाच्या काळात सोयीचा होता. तीसच्या नमुन्यालाही दोन गुणकांत चार टक्क्यांचा फरक आहे. संगणक हाताशी असताना टी सोडण्याचं काही कारण नाही. नमुना मोठा होत गेला की तो आपणहून १.९६ कडे सरकतो.

## तक्ता आणि संगणक: ठरलेल्या ठेचा

छापील तक्त्यात स्तंभांच्या डोक्यावर काय लिहिलं आहे ते आधी पाहा. काही तक्ते एका बाजूच्या शेपटीचं (वितरणाच्या टोकाकडच्या भागाचं) क्षेत्रफळ देतात, काही दोन्ही बाजूंचं मिळून. ९५ टक्के दुहेरी अंतरालासाठी एका शेपटीत ०.०२५ हवं. ०.०५ चा एकशेपटी स्तंभ वाचला तर ७ डिग्रीला १.८९५ मिळतं, आणि तुमचं ‘९५ टक्के’ अंतराल खरं तर ९० टक्क्यांचं असतं: २४९.२७ ते २५१.२३. आकडे पाहून चूक लक्षात येत नाही, म्हणून एक सोपी पडताळणी ठेवा: ९५ टक्के पातळीचा दुहेरी टी-गुणक १.९६ पेक्षा कधीही लहान नसतो.

कॅल्क्युलेटरवर विचलनाच्या दोन कळा असतात. एक संपूर्ण संख्येनं भागते, दुसरी एक वजा करून. आपल्याला दुसरी हवी. शंका असेल तर १, २, ३ हे तीन आकडे भरून पाहा; उत्तर १ आलं तर कळ बरोबर, ०.८१६ आलं तर चुकीची.

एक्सेलमध्ये विचलनासाठी ‘एसटीडीईव्ही डॉट एस’ वापरा, ‘डॉट पी’ नाही. अर्धी रुंदी थेट हवी असेल तर ‘कॉन्फिडन्स डॉट टी’. शेजारचं ‘कॉन्फिडन्स डॉट नॉर्म’ १.९६ लावतं. दोन्ही फंक्शनं ०.९५ नाही, ०.०५ मागतात. गुणकासाठी ‘टी डॉट इन्व्ह डॉट टूटी’ला ०.०५ आणि ७ द्या. पायथनमध्ये नमपाय या लायब्ररीचं विचलन मुळात संपूर्ण संख्येनं भागतं, त्याला ‘डीडॉफ’ १ असं सांगावं लागतं. पांडाज ही दुसरी लायब्ररी मात्र न सांगता एक वजा करतं. एकाच प्रोग्रॅममध्ये दोन्ही वापरणाऱ्यांची उत्तरं जुळत नाहीत ती इथेच. आर भाषेत ‘टी डॉट टेस्ट’ला नुसते आकडे दिले की ९५ टक्के अंतराल छापून येतं.

कुठलंही साधन पहिल्यांदा वापरताना वरचे आठ आकडे भरून पाहा. २४९.०३ आणि २५१.४७ आले तर पुढे जा.

## आकडे सूत्राच्या लायक आहेत का

टी-अंतराल अगदी काटेकोर बसतं ते समष्टी नॉर्मल, म्हणजे घंटेच्या आकाराच्या, वितरणाची असेल तेव्हा. थोडंफार इकडेतिकडे चालतं, विशेषतः वितरण दोन्ही बाजूंना सारखं पसरलेलं असेल तर. एका बाजूला लांब शेपूट असेल तर लहान नमुन्यात भरवसा ९५ च्या खाली घसरतो, कारण शेपटीतले मोठे आकडे नमुन्यात सापडतच नाहीत. वाट पाहण्याचा वेळ, यंत्र बिघडेपर्यंतचा काळ, उत्पन्न, जिवाणूंची संख्या ही अशी शेपूटवाली मंडळी.

नॉर्मल आहे का याची चाचणी घ्या, असा सल्ला हमखास मिळतो. पण आठ आकड्यांवर शापिरो-विल्क या अशाच चाचणीला फारसं काही दिसत नाही. वितरण बऱ्यापैकी वाकडं असलं तरी ती बहुधा हिरवा कंदील दाखवते. त्यापेक्षा कागदावर एक रेघ ओढून आठ ठिपके टाका आणि पाहा. एखादा ठिपका कळपापासून दूर आहे का? सगळे डावीकडे गोळा होऊन एकदोनच उजवीकडे पळाले आहेत का? आणि त्याहून महत्त्वाचं, ही गोष्ट स्वभावतःच शेपूटवाली आहे का? हे आठ ठिपके सांगणार नाहीत. ते विषयाची माहिती असलेल्यालाच ठाऊक असतं.

शेपूट असेल आणि सगळे आकडे शून्याहून मोठे असतील, तर आकड्यांचे लॉग घेऊन अंतराल काढतात आणि मग टोकं उलट फिरवून मूळ एककात आणतात. पण उलटं आणलेलं ते अंतराल गुणोत्तरी माध्याचं (आकडे बेरजेऐवजी गुणून काढलेल्या सरासरीचं) असतं, नेहमीच्या सरासरीचं नाही. अहवालात तसंच लिहा. एकूण खर्च किंवा एकूण वजन काढायला नेहमीची सरासरीच लागते. तिथे ही युक्ती कामाची नाही. बूटस्ट्रॅप, म्हणजे हातातल्या आकड्यांतूनच पुन्हा पुन्हा नमुने उचलण्याची रीत, हीही आठ आकड्यांत रामबाण नाही. जे आकडे नमुन्यात आलेच नाहीत ते तीही आणू शकत नाही, आणि साधं पर्सेंटाइल बूटस्ट्रॅप लहान नमुन्यात टी-अंतरालापेक्षा अरुंदच येतं.

एका वेड्या आकड्यानं काय होतं? २४७.६ च्या जागी चुकून २७४.६ भरलं समजा. सरासरी २५३.६, विचलन ८.५३ आणि अंतराल २४६.५ ते २६०.८. रुंदी अडीचवरून सव्वाचौदा मिलीवर. त्यामुळे अंतराल अपेक्षेपेक्षा फार रुंद आलं की आधी भरलेले आकडे तपासा. मात्र टिपणात चूक सापडली नाही तर ‘नकोसा’ आकडा काढून टाकू नका. तो यंत्राच्या खऱ्याच वागणुकीचा नमुना असू शकतो, आणि नेमका तोच तुम्हाला हवा असतो.

ज्यांची उत्तरं फक्त हो किंवा नाही अशी आहेत त्यांच्यावर हे सूत्र लावू नका. आठपैकी आठ ‘हो’ आले तर विचलन शून्य, अंतराल शून्य रुंदीचं, म्हणजे सरळ थापा. ‘हो’च्या टक्केवारीसाठी वेगळ्या रीती आहेत. आणि एकाच वस्तूची ‘आधी’ आणि ‘नंतर’ अशी मोजमापं असतील, तर प्रत्येक वस्तूचा फरक काढून त्या फरकांच्या एका यादीवर वरच्या पाच पायऱ्या करा.

## आलेलं अंतराल कसं वाचायचं

‘खरी सरासरी २४९.०३ ते २५१.४७ मध्ये असण्याची शक्यता ९५ टक्के’ असं बहुतेक जण म्हणतात, पण ते काटेकोर बरोबर नाही. संख्याशास्त्रज्ञ जेर्झी नेमन यांनी १९३० च्या दशकात ही संकल्पना मांडली तेव्हा ९५ हा आकडा रीतीचा होता, एका विशिष्ट निकालाचा नाही. याच पद्धतीनं पुन्हा पुन्हा आठ-आठ बाटल्या घेऊन अंतरालं काढत राहिलं, तर दीर्घ पल्ल्यात त्यांतली ९५ टक्के खऱ्या सरासरीला कवेत घेतील. हातात आलेलं एक अंतराल एकतर घेतं किंवा नाही. रोजच्या बोलण्यात ‘खरी सरासरी या पल्ल्यात आहे असं ९५ टक्के विश्वासानं म्हणतो’ एवढं पुरे.

दुसरा गैरसमज जास्त महाग पडतो: ‘९५ टक्के बाटल्या या पल्ल्यात असतील.’ मुळीच नाही. आपल्याच आठांपैकी २४८.९, २५२.१ आणि २४७.६ या तीन बाटल्या पल्ल्याबाहेर आहेत. अंतराल सरासरीचं आहे, बाटल्यांचं नाही. पुढच्या एका बाटलीचा पल्ला हवा असेल तर प्रमाण त्रुटीच्या जागी विचलन × √(१ + १/८) घ्या: २.३६५ × १.४५९ × १.०६१ = ३.६६, म्हणून २४६.६ ते २५३.९. जवळजवळ तिप्पट रुंद. या पल्ल्याला मात्र वितरण नॉर्मल असण्याची गरज फार काटेकोर आहे आणि नमुना वाढवून ती सैल होत नाही.

२५० हा आकडा आपल्या अंतरालात आहे. याचा अर्थ ‘यंत्र बरोबर २५० भरतं हे सिद्ध झालं’ असा नाही. २४९.२ आणि २५१.३ हेही त्याच पल्ल्यात बसतात. आठ बाटल्यांना त्यांच्यात निवड करता आलेली नाही, इतकंच.

अहवालात नुसतं ‘२५०.२५ ± १.२२’ लिहू नका. कुणी ± पुढे विचलन लिहितं, कुणी प्रमाण त्रुटी, कुणी अर्धी रुंदी. आपल्या उदाहरणात ते अनुक्रमे १.४६, ०.५२ आणि १.२२ आहेत. असं लिहा: सरासरी २५०.२५ मिली, ९५ टक्के विश्वास अंतराल २४९.०३ ते २५१.४७, प्रमाण विचलन १.४६, नमुना ८. वाचणाऱ्याला सगळं पडताळता येतं. पातळीही आधीच ठरवा. याच आकड्यांवर ९९ टक्क्यांना गुणक ३.४९९ आणि अंतराल २४८.४४ ते २५२.०६. ९०, ९५ आणि ९९ अशा तिन्ही पातळ्या काढून आवडेल ती छापली, किंवा अंतराल मनासारखं अरुंद होईपर्यंत एकेक बाटली मोजत राहिलं, तर ९५ चा दावा उरत नाही.

## पुढच्या वेळी किती बाटल्या

अर्धी रुंदी ०.५ मिली हवी आहे असं धरू. आधी १.९६ घेऊन कच्चा अंदाज: (१.९६ × १.४५९ ÷ ०.५) चा वर्ग, ३२.७, म्हणजे ३३. ३३ साठी डिग्री ३२, गुणक २.०३७, तो घालून पुन्हा केलं की ३५.३, म्हणजे ३६. ३६ साठी गुणक २.०३०, उत्तर ३५.१, पुन्हा ३६. आकडा हलायचा थांबला की तोच घ्यायचा.

पण या गणितात १.४५९ हे विचलन खरं धरलं आहे, आणि ते ०.९६ ते २.९७ मध्ये कुठेही असू शकतं हे वर पाहिलंच. खरं विचलन २ मिली निघालं तर ३६ बाटल्यांवर अर्धी रुंदी ०.५ नाही, सुमारे ०.६८ येईल. बाटल्या मोजणं स्वस्त असेल तर पन्नास धरून चाला. महाग असेल, मोजताना बाटली वाया जात असेल, तर छत्तिसावर थांबा आणि येईल ती रुंदी छापा.

एकूण बाटल्याच मोजक्या असतील, म्हणजे चाळीसच्या खेपेतून आठ घेतल्या असतील आणि प्रश्न फक्त त्याच खेपेचा असेल, तर अर्ध्या रुंदीला √(१ − ८/४०), म्हणजे ०.८९४ नं गुणा: १.२२ ची १.०९ होते. प्रश्न यंत्राचा असेल, उद्याच्या बाटल्यांचाही असेल, तर ही सूट घ्यायची नाही.